बंद पडलेल्या सिनेमाकडे परत जाताना: एदुआर्दो कुटिन्योचं प्रकरण

ध्वनिमुद्रकाला वाऱ्याचा घोंघाट ऐकू आला आणि त्याने मुलाखत मध्येच थांबवली. 1981 सालच्या सुरुवातीची गोष्ट. ठिकाण ब्राझीलच्या ईशान्य भागातलं, पेर्नांबुको राज्यातलं गालिलेया. कॅमेऱ्यासमोर जोआओ मारियानो नावाचे शेतकरी होते. सतरा वर्षांपूर्वी याच ठिकाणी, याच दिग्दर्शकासाठी, त्यांनी खून झालेल्या एका शेतकरी पुढाऱ्याची भूमिका केली होती आणि ती अर्ध्यात सुटली होती. त्याबद्दल ते आता कुठे बोलायला लागले होते. माइक ठाकठीक झाला, बोला म्हणून त्यांना सांगितलं गेलं, पण ते बोलेनात. पडद्यावर नुसता त्यांचा चेहरा दिसत राहतो. दिग्दर्शक पुन्हा विचारतो, गळ घालतो. अखेर ते बोलतात ते एवढंच, की आपण देवाधर्माचे माणूस, क्रांतीबिंतीच्या भानगडीत आपल्याला पडायचं नाही.

कुणीही संकलक हा तुकडा डोळे झाकून काढून टाकेल. या दिग्दर्शकाने, ब्राझीलच्या एदुआर्दो कुटिन्योने, वारा, मध्येच आलेला सहकाऱ्याचा आवाज, ती अवघडलेली शांतता आणि स्वतःचं गळ घालणं, सगळं सिनेमात ठेवलं. भूमिका अर्धवट राहिलेला माणूस पुन्हा बोलायला लागतो आणि पुन्हा त्याला थांबवलं जातं, तेही या वेळी 1964 सारखं सैनिकांकडून नाही, सिनेमावाल्यांकडूनच. हे त्याला चित्रीकरण करतानाच कळलं की संकलनाच्या टेबलावर, ते मला सांगता येणार नाही. पण ज्या दिग्दर्शकाने 1964 साली आपल्या पात्रांच्या तोंडी लिहून आणलेले संवाद दिले होते, तोच 1981 साली एका माणसाच्या गप्प बसण्यालाही जागा देतो. मधल्या सतरा वर्षांत काय घडलं, हा या प्रकरणाचा गाभा आहे. माझं उत्तर आधीच सांगतो: ज्या वर्षांना त्याचे चाहते वाया गेलेली वर्षं म्हणतात, नोकरीची आणि दुसऱ्यांसाठी पटकथा लिहिण्याची, त्याच वर्षांत हा सिनेमा तयार होत होता.

सिनेमाचं नाव 'काब्रा मार्कादो पारा मोहेर'. 'काब्रा' म्हणजे खरं तर बकरी, पण ईशान्य ब्राझीलच्या बोलीत तो शब्द 'गडी' या अर्थाने सर्रास वापरतात. 'मरणासाठी हेरलेला गडी' असं म्हणता येईल. आपल्याकडे चटकन 'बळीचा बकरा' सुचतं, पण ते टाळावं. बळीच्या बकऱ्याला काही ठाऊक नसतं, हा गडी सगळं जाणून असतो. शीर्षक कवी फेरेरा गुलार यांच्या एका लोकगीतवजा काव्यावरून घेतलं होतं. जत्रेत दोरीवर टांगून विकल्या जाणाऱ्या, गाऊन वाचायच्या पुस्तिकांचा जो प्रकार त्या भागात आहे, त्या धाटणीचं ते काव्य.

सापे, 1962

कुटिन्यो साओ पाउलोचा, जन्म 1933. कायद्याचं शिक्षण त्याने अर्धवट सोडलं. टीव्हीवरच्या एका प्रश्नमंजूषेत चार्ली चॅप्लिनवरच्या प्रश्नांची उत्तरं देऊन त्याने बक्षीस जिंकलं आणि त्या पैशावर युरोप गाठला. पॅरिसच्या सिनेमाशाळेत शिकून 1960 साली तो परतला. ब्राझीलमध्ये तेव्हा राष्ट्रीय विद्यार्थी संघटना जोरात होती, आणि तिच्या 'लोकसंस्कृती केंद्रा'त नाटकवाले, कवी, सिनेमावाले एकत्र काम करत होते. शहरातल्या शिकलेल्या तरुणांनी कष्टकऱ्यांपर्यंत कला घेऊन जायची, असा त्यामागचा विचार. 1962 साली संघटनेचा एक जथा देशभर फिरायला निघाला. कुटिन्यो कॅमेरा घेऊन त्याच्याबरोबर होता.

जथा एप्रिलमध्ये पाराइबा राज्यात पोहोचला, त्याच्या थोडेच दिवस आधी, 2 एप्रिलला, सापे इथल्या शेतकरी संघाचे पुढारी जोआओ पेद्रो टेशेरा यांचा खून झाला होता. राजधानीतून घरी परतताना वाटेत दबा धरून त्यांना गोळ्या घातल्या. हातात मुलांसाठी घेतलेली शाळेची पुस्तकं होती. मारेकरी गुराख्यांच्या वेशातले पोलीस निघाले. ज्या जमीनदारांवर संशय होता, त्यांतला एक जण विधानसभेचा पर्यायी सदस्य होता. त्याच्या वरच्या क्रमांकांवरचे सदस्य बाजूला झाले, तो आमदार बनला आणि त्याला अटकेपासून संरक्षण मिळालं. हे सगळं सिनेमात निवेदक अगदी कोरड्या आवाजात सांगतो. आवाज चढवण्याची गरजच पडत नाही.

खुनाच्या निषेधाची सभा कुटिन्योने चित्रित केली. तिथे त्याने जोआओ पेद्रोंच्या विधवा पत्नीला, एलिझाबेथ टेशेरा यांना, पाहिलं. अंगावर काळे कपडे, बरोबर मुलं. अकरा मुलांची ती आई. एलिझाबेथबाईंचे वडील स्वतः जमीनवाले आणि दुकानदार होते. मुलीने खाणीत राबणाऱ्या, गरीब, काळ्या माणसाशी पळून जाऊन लग्न केलं, हे त्यांनी कधी माफ केलं नाही. म्हणजे ज्या वर्गाशी नवरा झुंजत होता, तो वर्ग या बाईच्या माहेरीच होता. नवरा गेल्यावर संघाचं नेतृत्व त्यांनी स्वतःकडे घेतलं. त्याच वर्षी त्यांच्या थोरल्या मुलीने विष घेऊन जीव दिला आणि एका लहान मुलाच्या डोक्यात गोळी घातली गेली, तो कसाबसा वाचला.

कुटिन्योने ठरवलं की या जोआओ पेद्रोंवर चित्रपट करायचा, आणि त्यात शेतकऱ्यांनीच काम करायचं. एलिझाबेथबाई स्वतःचीच भूमिका करणार होत्या.

गालिलेया, 1964

चित्रीकरण खरं म्हणजे सापेलाच व्हायचं होतं. पण जानेवारी 1964 मध्ये त्या भागात शेतकरी आणि मळेवाल्यांची माणसं व पोलीस यांच्यात चकमक झाली, माणसं मेली, पोलिसांनी भाग ताब्यात घेतला. त्यामुळे चमूने शेजारच्या पेर्नांबुको राज्यात, विटोरिया द सांतो आंताओ गावाजवळच्या गालिलेयाला मुक्काम हलवला. सापेची माणसं काही तिकडे येऊ शकत नव्हती. सापेच्या शेतकऱ्यांच्या भूमिका गालिलेयाच्या शेतकऱ्यांना दिल्या गेल्या, आणि जोआओ पेद्रोंची भूमिका बाहेरून येऊन तिथे राहिलेल्या जोआओ मारियानोंना. स्वतःचीच भूमिका करणाऱ्या उरल्या त्या फक्त एलिझाबेथबाई.

गालिलेया काही साधी पर्यायी जागा नव्हती. हा उसाचा जुना मळा. तिथलं साखरेचं गुऱ्हाळ केव्हाच बंद पडलेलं. अशा मळ्याला तिकडे 'विझलेल्या आगीचा मळा' म्हणतात. आपल्या गुऱ्हाळाची चुलवण डोळ्यांसमोर आणली की तो शब्द लगेच कळतो. मालकाने जमीन कुळांना खंडाने लावून दिली होती. खंड वाढत राहायचा आणि वर कित्येक मळ्यांवर वेठीचे दिवस भरावे लागायचे. 1955 साली इथल्या कुळांनी परस्पर मदतीचा एक संघ स्थापन केला. त्याच्या उद्देशांतला एक होता शवपेटीचा. गरिबांसाठी नगरपालिकेची एकच पेटी असायची. प्रेत त्यातून नेऊन खड्ड्यात उतरवायचं आणि पेटी पुढच्यासाठी परत आणायची. आपल्या माणसाला स्वतःच्या पेटीत पुरता यावं, एवढ्या साध्या मागणीपासून हा संघ सुरू झाला. मालकाने कुळांना हुसकायला सुरुवात केली तेव्हा त्यांनी फ्रान्सिस्को जुलियाओ नावाचे वकील गाठले. 1959 साली सरकारने मळा ताब्यात घेऊन कुळांना दिला. ईशान्य ब्राझीलभर पसरलेली शेतकरी संघांची चळवळ इथून उभी राहिली. सिनेमातले म्हातारे शेतकरी शवपेटीची हकीकत सांगतात तेव्हा त्यांच्या बोलण्यात कुठेही अभिनिवेश नसतो. एखादा माणूस विहिरीच्या कामाचा हिशोब सांगेल तसं ते सांगतात.

26 फेब्रुवारी 1964 ला चित्रीकरण सुरू झालं. पस्तीस दिवस चाललं. 31 मार्चच्या रात्री लष्कराने सत्ता हातात घ्यायला सुरुवात केली आणि 1 एप्रिलला गालिलेयात काम बंद झालं. सैनिक आले, कॅमेरा आणि बाकीचं सामान जप्त झालं. काही शेतकरी पकडले गेले, चमूतले लोक मिळेल त्या वाटेने पळाले. वर्तमानपत्रांत बातम्या आल्या त्या अशा, की गालिलेयात क्यूबाच्या लोकांनी चालवलेला अड्डा सापडला. पटकथेचा साधारण चाळीस टक्के भाग चित्रित झाला होता. चित्रित झालेली बहुतेक रिळं प्रयोगशाळेत धुण्यासाठी आधीच रिओला गेली होती, म्हणून ती वाचली. रिओमधली विद्यार्थी संघटनेची इमारतही त्याच दिवसांत जाळली गेली.

शेवटच्या चित्रित प्रसंगांतला एक घरातल्या बैठकीचा आहे. रात्रीची वेळ, माणसं दबक्या आवाजात बोलतायत, आणि कुणीतरी म्हणतं, "बाहेर लोक आहेत." पटकथेतलं हे वाक्य. ते चित्रित झालं आणि खरोखरच बाहेर लोक येऊन उभे राहिले. मी हा तुकडा अनेकदा पाहिला आहे, आणि दर वेळी त्या वाक्यानंतर पडदा काळा होण्याची वाट बघतो.

आता या 1964 च्या चित्रणाबद्दल एक कटू गोष्ट सांगायला हवी, कारण चाहते ती सांगत नाहीत. जे चाळीस टक्के उरलं आहे, त्यातला अभिनय अवघडलेला आहे. शेतकरी सांगितलेल्या जागी उभे राहतात, लिहून दिलेलं वाक्य म्हणतात आणि पुढच्याकडे बघतात. चौकटी देखण्या आहेत, हेतू निर्मळ आहे, पण या माणसांना स्वतःबद्दल काय म्हणायचं आहे हे त्यात कुठेही येत नाही. शहरातून आलेल्या तीस वर्षांच्या तरुणाने त्यांची कथा त्यांच्या हातात दिली होती. लष्कर आलं नसतं तर एक बऱ्यापैकी, सद्हेतूचा, आज फारसा आठवणीत नसलेला चित्रपट झाला असता, असं मला प्रामाणिकपणे वाटतं. लष्कराने जे केलं त्याची भलामण यात अजिबात नाही. त्या आघाताची किंमत गालिलेयाच्या लोकांनी तुरुंगात मोजली. दिग्दर्शक शिकला, तो त्यानंतर, आणि स्वतःच्या कष्टाने.

पगाराची वर्षं

पुढची दहाएक वर्षं कुटिन्योने जे मिळेल ते काम केलं. दिग्दर्शक लेओन हिर्शमनसाठी पटकथा लिहिल्या. 1976 मध्ये प्रचंड चाललेल्या 'दोना फ्लोर आणि तिचे दोन नवरे' या चित्रपटाच्या पटकथालेखकांत त्याचं नाव आहे. स्वतःही काही कथापट केले, त्यांची फारशी चर्चा आज होत नाही. मग तो पत्रकारितेत गेला, वर्तमानपत्राच्या कचेरीत मजकूर तपासत बसला. आणि 1975 साली त्याने टीव्ही ग्लोबोत नोकरी धरली.

डाव्या वर्तुळातल्या माणसाने ग्लोबोत जाणं म्हणजे काय, हे तिकडच्या लोकांना वेगळं सांगावं लागत नाही. लष्करशाहीच्या काळातच ही वाहिनी देशातली सर्वात बलाढ्य वाहिनी झाली होती. पण 'ग्लोबो रिपोर्टर' हा तिचा माहितीपटांचा कार्यक्रम थोडा वेगळा चालायचा. वॉल्टर लिमा ज्युनियर, जोआओ बातिस्ता द आंद्रादे असे सिनेमावाले तिथे काम करत होते. काम 16 मिलीमीटरच्या फिल्मवर व्हायचं. त्या फिल्मची निगेटिव्ह नसायची, जे धुऊन हातात येईल तेच संकलनाला घ्यायचं. देखरेख होतीच, सेन्सॉर होताच, तरी फटींमधून काही निसटायचं.

त्या फटींमधून कुटिन्योने काय काढलं, त्याची दोन उदाहरणं पुरेशी आहेत.

1976 साली दुष्काळावरचा माहितीपट करायला तो पेर्नांबुकोच्या आतल्या ओरिकुरी भागात गेला. तिथे एक माणूस कॅमेऱ्यासमोर दुष्काळात खाल्ली जाणारी मुळं एकेक करून दाखवतो. हे मूळ असं खातात, ते तसं, हे कडू, ते विषारी, पण तरी खावं लागतं. हा शॉट तीन मिनिटांहून जास्त चालतो, मध्ये एकही कट नाही. टीव्हीच्या हिशोबाने तीन मिनिटं म्हणजे अनंतकाळ. कुणी निवेदक मध्ये येऊन दुष्काळाची कारणं सांगत नाही, करुण संगीत वाजत नाही. त्या माणसाला मुळांची माहिती आहे, ती त्याला सांगायची आहे, आणि ऐकणाऱ्याला घाई नाही. दुष्काळावरच्या बातम्या पाहत वाढलेल्या आपल्यासारख्यांना या शॉटमधला फरक सांगायला नको. आपल्याकडे असा माणूस पडद्यावर आला की चार सेकंदांत भेगाळलेल्या जमिनीकडे कॅमेरा वळतो.

1978 साली त्याने तेओदोरिको बेझेरा या रिओ ग्रांदे दो नोर्ते राज्यातल्या बड्या जमीनदार राजकारण्यावर माहितीपट केला. त्यात त्याने निवेदन जमीनदारालाच करू दिलं. जमीनदार आपल्या वाड्यात फिरवून आणतो, आपली थोरवी सांगतो, आणि मग आपल्याच कुळांना माइकसमोर उभं करून त्यांना प्रश्न विचारतो. तुम्ही इथे सुखी आहात ना, अशा थाटाचे. कुळं मान डोलावतात. मालकाच्या विरोधात दिग्दर्शक एक शब्दही बोलत नाही, तरी पाहणाऱ्याच्या डोळ्यांपासून काहीच लपत नाही. शत्रूलासुद्धा पूर्ण बोलू द्यायचं, हे 1964 च्या कुटिन्योला जमलं नसतं. त्याला ते सुचलंही नसतं.

स्वतंत्र दिग्दर्शकांच्या कारकिर्दीबद्दल लिहिताना नोकरीची वर्षं आपण कंसात टाकतो. पोट भरायला केलं, असं म्हणून पुढे जातो. मला स्वतःला हे पूर्वी पटायचं, आता पटत नाही. पडद्यावर ईशान्येच्या खेड्यातल्या माणसाचं बोलणं कसं ऐकायचं, त्याला अडवायचं नाही म्हणजे नेमकं किती वेळ थांबायचं, चमू लहान ठेवला की माणूस किती मोकळा होतो, हे शिक्षण त्याला पगार घेऊन, दर वर्षी, रस्त्यावर मिळालं. आणि 'काब्रा'चं दुसरं चित्रीकरण सुरू झालं तेव्हाही तो ग्लोबोतच होता. 1984 पर्यंत होता.

परतीची वाट

ऑगस्ट 1979 मध्ये ब्राझीलमध्ये राजकीय गुन्ह्यांना माफी देणारा कायदा झाला. परागंदा झालेले लोक परतू लागले. लष्कर अजून सत्तेवर होतं, पण पकड सैल होत चालली होती. 1981 साली कुटिन्यो गालिलेयाला गेला. बरोबर छोटा चमू, 16 मिलीमीटरचा कॅमेरा, छायाचित्रणाला एडगर मौरा. पटकथा नव्हती. बरोबर होती ती 1964 ची रिळं.

त्याने पहिल्यांदा जे केलं त्यातच त्याची नवी रीत दिसते. मुलाखती नंतर, आधी सिनेमा. रात्री गावात पडदा उभारून ती जुनी रिळं लोकांना दाखवली. माणसं तरुणपणीच्या स्वतःकडे बघतात, एकमेकांना कोपरखळी मारतात, जे आता हयात नाहीत त्यांची नावं घेतात. कॅमेरा पडद्याकडे कमी आणि पाहणाऱ्यांकडे जास्त असतो. सतरा वर्षं ज्यांचं काम कुणी पाहिलं नव्हतं, त्या नटांनी ते आधी पाहावं, मग बाकीचं बोलू. सिनेमाच्या माणसाने दाखवलेलं इतकं सरळ सौजन्य मला फार थोड्या ठिकाणी आढळलं आहे.

गावात कोण काय झालं होतं? कुणी जमीन कसत होतं, कुणी शहरात गेलं होतं, कुणी मेलं होतं. एका शेतकऱ्याने चमू पळून गेल्यावर मागे राहिलेली पुस्तकं लपवून जपली होती. त्यांतलं एक होतं इटालियन लेखक कुर्झिओ मालापार्ते यांचं 'कापुट'. कॅमेऱ्यासमोर तो ते उघडून वाचून दाखवतो. त्या पुस्तकाची हकीकत अशी, की दुसऱ्या महायुद्धात त्याचं हस्तलिखित युक्रेनमधल्या एका शेतकऱ्याने लपवून वाचवलं होतं. कुणी हे पटकथेत लिहिलं असतं तर आपण म्हणालो असतो, जरा जास्तच झालं.

जोआओ व्हिर्जिनियो नावाचे गालिलेयाचे जुने कार्यकर्ते आपल्या छळाची गोष्ट सांगतात. तुरुंगात काढलेली वर्षं, घाणीच्या टाकीत उभं केलेलं, गेलेला डोळा, गेलेला कान. सांगताना हा माणूस दीनवाणा होत नाही. त्याची चीड ताजी आहे आणि विनोदबुद्धी शाबूत आहे.

पण सगळ्यात अवघड काम होतं एलिझाबेथबाईंना शोधण्याचं. 1964 नंतर त्या काही महिने कैदेत होत्या, सुटल्यावर नाहीशा झाल्या. त्यांचा ठावठिकाणा थोरल्या मुलाला, आब्राओला, ठाऊक होता. तो पाराइबातल्या पातोस शहरात पत्रकार होता. त्याच्याबरोबर चमू रिओ ग्रांदे दो नोर्तेमधल्या साओ राफाएल या छोट्या गावात पोहोचला. तिथे एलिझाबेथ टेशेरा नावाची कुणी बाई नव्हती. मार्ता मारिया दा कोस्ता होती, लोकांचे कपडे धुणारी, शेजारच्या पोरांना अक्षरं शिकवणारी. अकरांपैकी एकच मुलगा, कार्लोस, तिच्याबरोबर होता. बाकीची नातेवाइकांकडे विखुरलेली. कुणी कुठे आहे, तिला माहीत नव्हतं. शेजाऱ्यांना तिचं खरं नाव कॅमेरा आला तेव्हा कळलं.

साओ राफाएलमधले दिवस हा या सिनेमाचा सर्वात शिकण्याजोगा भाग आहे, आणि इथे मी थोडा रेंगाळणार आहे. पहिल्या दिवशी आब्राओ आईच्या शेजारी उभा असतो. राष्ट्राध्यक्षांनी माफी दिली म्हणून आपण आज भेटू शकलो, त्यांचे आभार मान, असा त्याचा आईला आग्रह चालतो. आई मान डोलावते. मग तो चिडतो, सगळी सरकारं गरिबांच्या बाबतीत सारखीच, असं म्हणतो आणि हेही सिनेमात राहायला हवं अशी अट घालतो. दिग्दर्शक शब्द देतो, आणि तो पाळतो. आईच्या चेहऱ्यावर त्या वेळी मार्ता मारिया असते: सावध, कुणाला न दुखावणारी, सतरा वर्षं नाव लपवून जगलेली. मुलगा दूर झाल्यावर त्या मोकळ्या होत जातात. जोआओ पेद्रोंबद्दल, माहेराबद्दल, वडिलांनी घर सोडायला कसं लावलं त्याबद्दल सलग, न अडखळता बोलतात. आपण बसून ऐकतो आणि हळूहळू लक्षात येतं की ही बाई सभा गाजवलेली आहे.

मग निरोपाची वेळ. चमू गाडीत बसला आहे, काम संपलं आहे, निरोप घेणं चाललं आहे. कॅमेरा मात्र चालू आहे. आणि गाडीच्या खिडकीपाशी उभ्या एलिझाबेथबाई अचानक बोलू लागतात, हात हलवत, मूठ वळत. जोवर उपासमार आणि तुटपुंजी मजुरी आहे तोवर लढा थांबायचा नाही, 64 साली जी गरज होती तीच आजही आहे, या आशयाचं. मार्ता मारिया गेलेली असते. आभार मानणारी आई गेलेली असते. हे भाषण कुणी लिहून दिलेलं नव्हतं, ते मागण्याचीही कुणाची हिंमत झाली नसती. 1964 साली पटकथेत एलिझाबेथ टेशेरा ही व्यक्तिरेखा होती. ती बाई स्वतः पडद्यावर येते ती इथे, कॅमेरा बंद झाला असेल असं वाटण्याच्या क्षणी.

त्यानंतर सिनेमा मुलांना शोधत हिंडतो, रिओच्या उपनगरांपर्यंत. एक मुलगा क्यूबात डॉक्टरकीचं शिक्षण घेतोय. बाकीची हातावर पोट असलेली, आईला जवळजवळ विसरलेली. एक मुलगी बोलता बोलता रडू लागते आणि कॅमेरा हटत नाही. हा भाग मला आजही खुपतो. जोआओ मारियानोंच्या शांततेला सिनेमात जागा देणारा दिग्दर्शक इथे त्या मुलीच्या अश्रूंपुढे थांबत नाही, प्रश्न पुढे रेटतो. त्याला उत्तर हवं होतं की तिच्या आईसाठी काही घेऊन जायचं होतं, हे सांगणं कठीण आहे. पण हा सिनेमा शिकवताना हा भाग वगळू नये.

सिनेमा पुरा व्हायला 1984 उजाडलं. झेलितो व्हियाना निर्माता, संकलन एदुआर्दो एस्कोरेल. लांबी 119 मिनिटं. निवेदनाला तीन आवाज आहेत: गुलार इतिहास सांगतात, दुसरा आवाज वर्तमानपत्रांतल्या बातम्या वाचतो, आणि कुटिन्यो स्वतःच्या तोंडाने 'मी' म्हणून बोलतो. तेव्हाच्या माहितीपटात दिग्दर्शकाने असं 'मी' म्हणणं आगळंच होतं. नोव्हेंबर 1984 मध्ये रिओच्या महोत्सवात सिनेमा पहिल्यांदा दाखवला गेला आणि त्याला सर्वोच्च पुरस्कार मिळाला. पुढच्या वर्षी पॅरिसच्या सिनेमा द्यू रेएल या माहितीपट महोत्सवातही. लष्करशाही 1985 मध्ये संपली. ब्राझीलच्या समीक्षक संघटनेने 2015 साली काढलेल्या देशातल्या शंभर सर्वोत्तम चित्रपटांच्या यादीत 'काब्रा' चौथा आहे.

साओ राफाएल गाव 1983 मध्ये धरणाच्या पाण्याखाली गेलं. लोक नव्या वस्तीत हलवले गेले, जुन्या चर्चचा मनोरा कित्येक वर्षं पाण्याबाहेर दिसत राहिला. जिथे मार्ता मारिया राहिली ती गल्ली आता फक्त या सिनेमात आहे.

पुढे

एवढं यश मिळाल्यावर मार्ग मोकळा झाला असेल असं कुणालाही वाटेल. तसं झालं नाही. ग्लोबो सोडल्यावर कुटिन्योने लोकशिक्षणाचं काम करणाऱ्या एका संस्थेसाठी व्हिडिओवर काम केलं: रिओतली सांता मार्ता वस्ती, साओ गोंसालोमधल्या कचरा डेपोवर जगणारी माणसं. चित्रपटगृहात त्याचं नाव पुन्हा ठळकपणे दिसलं ते 1999 साली, 'सांतो फोर्ते'मुळे. तेव्हा तो सहासष्ट वर्षांचा होता. वस्तीतल्या लोकांनी त्यात आपल्या देवांबद्दल, अंगात येण्याबद्दल सांगितलं आहे. बोलणाऱ्यांना दिला जाणारा मोबदला त्याने त्यात पडद्यावर दाखवला. लपवण्यासारखं त्यात काही नाही, असं त्याचं म्हणणं त्या एका शॉटमधून कळतं.

तिथून बारा वर्षांत त्याने जे केलं ते तरुणांनाही झेपलं नसतं. 2002 साली रिओच्या कोपाकबाना भागातल्या 276 फ्लॅटच्या एकाच इमारतीतले रहिवासी. 2007 साली जाहिरात वाचून आलेल्या बायकांच्या हकिकती, आणि त्याच हकिकती सांगणाऱ्या नट्या, रिकाम्या नाट्यगृहात, अशा की खरी कोण हे ओळखू येऊ नये. त्याच्या कामाचे काही नेम ठरलेले होते. जागा एकच. आधी सहकारी जाऊन लोकांशी बोलून येतात, पण कुटिन्यो त्या माणसाला पहिल्यांदा भेटतो तो कॅमेरा चालू असताना, म्हणजे गोष्ट दुसऱ्यांदा सांगितल्यासारखी शिळी होत नाही. या नेमांची मुळं मला साओ राफाएलमध्ये दिसतात. पहिला दिवस आणि निरोपाचा क्षण यांतला फरक ज्याने एकदा पाहिला, तो पुढे कायम त्या निरोपाच्या क्षणाची वाट पाहणार. 2005 साली तर तो कुठलाही विषय न ठरवता पाराइबाच्या आतल्या भागात गेला आणि म्हाताऱ्या माणसांशी बोलत बसला.

2013 मध्ये, वयाच्या ऐंशीव्या वर्षी, तो पुन्हा गालिलेयाला आणि टेशेरा कुटुंबाकडे गेला आणि दोन छोट्या फिल्म करून आला. 2 फेब्रुवारी 2014 रोजी रिओतल्या राहत्या घरी त्याचा मृत्यू झाला. मनोविकाराने ग्रासलेल्या त्याच्या मुलाने त्याच्यावर चाकूने वार केले होते. त्याचा शेवटचा सिनेमा शाळकरी मुलांशी केलेल्या गप्पांचा होता. तो त्याच्या संकलक जोर्दाना बर्ग आणि माहितीपटकार जोआओ मोरेरा सालेस यांनी पूर्ण केला.

एलिझाबेथबाईंनी सिनेमानंतर आपलं नाव परत घेतलं आणि त्या जोआओ पेसोआ शहरात राहायला गेल्या. सापेजवळ बाहा द आंतास इथलं त्यांचं जुनं घर आता शेतकरी संघांचं स्मारक आहे. फेब्रुवारी 2025 मध्ये त्यांना शंभर वर्षं पूर्ण झाली.